वारुळासारखी चिमणी बांधली की एसी लागत नाही का? राऊच्या युनिटबद्दलच्या प्रश्नाचं सविस्तर उत्तर

ताई नमस्कार, तुमचा प्रश्न दोनदा वाचला. इंदूरजवळच्या राऊच्या पुढे तुमच्या सासऱ्यांचं नमकीन पॅकिंगचं नवीन युनिट उभं राहतंय, खाली पॅकिंग हॉल, वर ऑफिस आणि स्टाफची खोली, स्लॅब भरायला अजून दोन महिने आहेत. कन्सल्टंट म्हणतोय की छपरावर वारुळासारख्या दोन चिमण्या काढू, गरम हवा आपोआप वर निघून जाईल, एसीच्या डक्टिंगचा खर्च वाचेल, आणि सोलर पॅनलवर कमळाच्या पानासारखं कोटिंग मारू म्हणजे पॅनल धुवायची भानगडच नाही. तुम्ही विचारलंय की निसर्गातून उचललेलं हे तंत्र खरं आहे की नुसतं ब्रोशरमध्ये छान दिसतं.

मी इंदूरचाच, राजेंद्रनगरात राहतो, बावीस वर्षं झाली व्हेंटिलेशन आणि कूलिंगचीच कामं करतोय, पीथमपूरच्या शेडपासून शाळांपर्यंत. तुम्हाला निर्णय घ्यायचाय म्हणून उत्तर आधीच देऊन टाकतो. तत्त्व खरं आहे. वरच्या ऑफिसला ते लागू पडेल आणि चांगलं लागू पडेल. खालचा पॅकिंग हॉल मात्र एकट्या चिमणीच्या भरवशावर सोडू नका आणि कमळाच्या कोटिंगवर सध्या पैसे घालू नका. आता का ते सांगतो, जरा लांबेल पण स्लॅब भरायच्या आधी हे कळणं गरजेचं आहे.

या वारुळाच्या गोष्टीचं मूळ एका इमारतीत आहे. झिम्बाब्वेची राजधानी हरारे, तिथलं ईस्टगेट सेंटर, १९९६ साली सुरू झालं, आर्किटेक्ट मिक पिअर्स आणि इंजिनिअरिंग अरुप या कंपनीचं. नऊ-नऊ मजल्यांचे दोन ब्लॉक, मधे काचेच्या छपराचा चौक, दुकानं, ऑफिसं, आणि नेहमीचा सेंट्रल एसी नाही. तुमच्या कन्सल्टंटनेही तुम्हाला याच इमारतीचा फोटो दाखवला असणार. फोटोत छपरावरच्या विटांच्या चिमण्या दिसतात, पण आत जे पंखे बसवलेत ते दिसत नाहीत. तिथे रात्री पंखे जोरात चालवून तासाला साधारण दहा वेळा आतली सगळी हवा बदलतात, त्या गार हवेने काँक्रीट थंड होतं, आणि दिवसा पंखे मंद करून तासाला दोनच वेळा हवा बदलतात, तेवढ्यात ते थंड झालेलं काँक्रीट लोकांना दिवसभर पुरतं. म्हणजे खरं काम करतात ते रात्रीचे पंखे आणि जाडजूड काँक्रीट, चिमणी ही फक्त हवेला बाहेर पडायची वाट.

आणि वारूळ स्वतः कसं चालतं तेही बघायला हवं कारण तिथेच बरेच जण घसरतात. पूर्वी असं समजत की वाळवी चिमणीतून गरम हवा सोडते आणि घरट्याचं तापमान एकसारखं ठेवते, पिअर्स यांनीही तेच धरलं होतं. पुढे स्कॉट टर्नर आणि रूपर्ट सोअर या संशोधकांनी नामिबियातली वारुळं आतून तपासली तेव्हा दिसलं की घरटं जमिनीत असतं, त्याचं तापमान आजूबाजूची मातीच सांभाळते, आणि वरचा तो मातीचा डोलारा आहे श्वास घ्यायला, आपल्या फुप्फुसासारखा. आत लाखो वाळव्या असतात आणि त्यांनी पिकवलेली बुरशी असते (पावसाळ्यात वारुळाच्या अंगाला पांढऱ्या छत्र्या उगवतात ना, त्या याच बुरशीच्या), हे सगळे मिळून कार्बन डायऑक्साइड सोडतात आणि तो बाहेर गेला नाही तर वसाहत गुदमरेल.

मग २०१५ मध्ये हंटर किंग, सॅम्युअल ऑको आणि एल. महादेवन यांनी दक्षिण भारतातल्या वारुळांवर काम केलं, बाहेरून पूर्ण बंद आणि अंगाला उभ्या पाकळ्या असलेली वारुळं, आपल्याकडे शेताच्या बांधावर दिसतात तशी. त्यांनी आत हवा नेमकी कुठून कुठे जाते ते मोजलं. दिवसा बाहेरच्या पाकळ्या मधल्या भागापेक्षा लवकर तापतात, तेव्हा हवा पाकळ्यांतून वर चढते आणि मधल्या पोकळीतून खाली येते. रात्री पाकळ्या आधी गार होतात आणि हीच फेरी उलटी फिरते. म्हणजे वारुळाचं इंजिन कशावर चालतं, तर दिवस आणि रात्र यांच्या तापमानातल्या फरकावर. हा अभ्यास वाचला तेव्हा मला फार आनंद झाला कारण तो फरक आपल्या माळव्याकडे भरपूर आहे, शब-ए-मालवा, म्हणजे माळव्याची गार रात्र, उगाच म्हणत नाहीत. मे महिन्यात दुपारी चाळीसच्या आसपास असतं आणि पहाटे चोवीस-पंचवीस, म्हणजे रोज रात्री पंधरा अंशांचं भांडवल फुकट मिळतं आणि आपण खिडक्या बंद करून एसी लावून ते वाया घालवतो. मुंबईहून कुणी हाच प्रश्न विचारला असता तर मी सरळ नाही म्हणालो असतो, तिथे मेमधल्या रात्रीही सत्तावीसच्या आसपासच राहतात आणि दमटपणा वेगळा.

पण हरारे म्हणजे इंदूर नव्हे हेही लक्षात ठेवा. ते जवळपास दीड हजार मीटर उंचीवर आहे, आपण साडेपाचशेवर, आणि तिथला सगळ्यात गरम महिना ऑक्टोबर, त्यात दुपारचं सरासरी कमाल तापमान तीसच्या आतच राहतं. आपला एप्रिल-मे त्यांच्या इमारतीने कधी पाहिलेलाच नाही, म्हणून तिथली चिमणी जशीच्या तशी इथे उभी करून चालत नाही.

आता "आपोआप" या शब्दाकडे येतो, माझं सगळ्यात जास्त भांडण त्याच्याशी आहे. दहा मीटर उंच चिमणी आहे आणि आतली हवा बाहेरच्यापेक्षा पाच अंश गरम आहे असं धरा, तर चिमणीची ओढ येते साधारण दोन पास्कल (पास्कल हे दाबाचं माप). दोन पास्कल म्हणजे जवळजवळ काहीच नाही, साध्या स्वच्छ फिल्टरमधून हवा काढायला त्याच्या कितीतरी पट दाब लागतो, आणि तुमचा खाण्याच्या वस्तूंचा हॉल आहे, तिथे फिल्टर आणि किड्यांची जाळी दोन्ही लागणारच. नुसत्या चिमणीच्या ओढीवर तेवढी हवा येणारच नाही. दुसरं असं की उन्हाळ्यात दुपारी बाहेर चाळीस आणि आत बत्तीस असेल तर आतली हवा जड असते, ती खाली बसते आणि चिमणी उलटी चालायला लागते, वरून गरम हवा आणि धूळ खाली उतरते.

हे मी माझ्या एका कामात भोगलंय. सुरुवातीच्या काळात एका शाळेला चार चिमण्या केल्या होत्या, वर पत्र्याचे डॅम्पर (हवेची वाट उघडायच्या-मिटायच्या झडपा), खाली दोरी, चौकीदाराने रात्री नऊला दोरी ओढून उघडायचे आणि सकाळी सातला बंद करायचे अशी व्यवस्था. पहिला उन्हाळा मस्त गेला. दुसऱ्या वर्षी एप्रिलमध्ये मुख्याध्यापकांचा फोन आला की वर्ग गेल्या वर्षीपेक्षा जास्त तापतायत. दुपारी तीनला पोचलो, देवाच्या फोटोजवळची एक अगरबत्ती घेतली, पेटवून चिमणीच्या तोंडाखाली धरली. धूर वीतभर वर गेला, थांबला, वाकला आणि सरळ खाली येऊन पहिल्या बाकावरून सरकत दाराकडे गेला. वर बघतो तर चारही डॅम्पर सताड उघडे. जुना चौकीदार सोडून गेला होता, नव्याला दोरीचं कुणी सांगितलंच नव्हतं आणि एका चिमणीत कबुतरांनी घरटं केलं होतं. चूक चौकीदाराची नव्हती, माझी होती, मी पूर्ण इमारतीचा गारवा एका माणसाच्या आठवणीवर टांगून ठेवला होता. वारुळात भोक पडलं तर कामकरी वाळव्या लगेच माती आणून बुजवतात, इमारतीत तसं कुणी नसतं. तेव्हापासून मी दोरी ठेवतच नाही. एक सेन्सर बाहेर आणि एक स्लॅबला चिकटवलेला, बाहेरची हवा स्लॅबपेक्षा तीन अंश गार झाली की डॅम्पर उघडतो आणि पंखा सुरू होतो, नाहीतर बंद. वर जाळी, आणि जाळीपर्यंत हात पोचेल अशी शिडी.

आता स्लॅबचा हिशोब, कारण गारवा साठवायचा तर तो कशात तरी साठवावा लागतो. १०० चौरस मीटर स्लॅब घ्या. एका रात्रीत त्याचा साधारण दहा सेंटीमीटरचा थरच कामाला येतो असं धरलं तर ते झालं जवळपास २४ टन काँक्रीट. ते तीन अंश गार केलं तर विजेच्या सतरा-अठरा युनिटइतकी (किलोवॅट-तास) उष्णता दुसऱ्या दिवशी ते शोषून घेऊ शकतं, म्हणजे एक टनाचा एसी पाच तास पूर्ण जोरात चालवल्यासारखं. वाईट नाहीये ना? पण त्या स्लॅबखाली पीओपीचं किंवा जिप्समचं फॉल्स सीलिंग लावलं की सगळं गेलं, गारवा वरच अडकतो आणि खाली माणसं घामाघूम. मी अशी ऑफिसं पाहिलीत जिथे चिमणीवर लाखो रुपये घातले आणि शेवटच्या महिन्यात इंटिरिअरवाल्याने सीलिंग मारून दिलं. तेव्हा वरच्या ऑफिसचा स्लॅब उघडा ठेवा, पाहिजे तर चुना किंवा रंग द्या, वायरिंग पाइपातून दिसू द्या. आणि जर वरचा मजला स्लॅबचा नसून पत्र्याच्या शेडचा होणार असेल (तुम्ही ते लिहिलं नाहीये) तर वारुळाचा विषय तिथेच संपला, पत्र्यात साठवायला वजनच नाही, मग पैसा इन्सुलेशनवर घाला.

ऑफिससाठी पंखा किती मोठा लागेल तेही सांगतो. मजला १५० चौरस मीटर, उंची तीन मीटर, म्हणजे ४५० घनमीटर हवा. रात्री तासाला दहा वेळा बदलायची तर ४५०० घनमीटर, म्हणजे सुमारे २६५० सीएफएम (मिनिटाला घनफूट हवा). एक-दोन चांगल्या एक्झॉस्ट पंख्यांचं काम आहे, वीज एसीच्या मानाने फार थोडी. तुमचा मजला वेगळा असेल तर त्याच प्रमाणात बदला. एक प्रामाणिकपणे सांगायला हवं, जुलै ते सप्टेंबर ही युक्ती ढिली पडते, ढगांमुळे रात्र गार होत नाही आणि हवा ओली असते, तेव्हा छताचे पंखे आणि कॉन्फरन्सच्या खोलीत एक छोटा एसी ठेवावाच लागतो.

पॅकिंग हॉलचं गणित वेगळं आहे कारण तिथे माणसांच्या आधी शेवेचा विचार करावा लागतो. ओलसर हवेत पाकीट सील होईपर्यंत शेव नरम पडते, हे मी तुम्हाला काय सांगणार. त्यामुळे कूलर तर नकोच. गरम कोरड्या हवेत पाणी उडवून गारवा मिळवणं हे फार सुंदर तंत्र आहे, अहमदाबादच्या टोरेंट रिसर्च सेंटरमध्ये उंच मनोऱ्यांच्या तोंडाशी पाण्याचा बारीक फवारा सोडतात, हवा गार आणि जड होऊन स्वतःच्या वजनानेच खाली उतरते, आणि नोएडात अँट स्टुडिओने मधमाश्यांच्या पोळ्यासारख्या रचलेल्या मातीच्या नळकांड्यांवरून पाणी सोडून तीच गोष्ट स्वस्तात केली. आपल्याकडे मे महिन्यात चाळीस अंश आणि वीस टक्के आर्द्रता असते तेव्हा वेट बल्ब (पाणी उडवून हवा जास्तीत जास्त जितकी गार होऊ शकते ते तापमान) बावीसच्या आसपास येतो, म्हणजे कूलर जीव तोडून काम करतो, पण जुलैत तीस अंश आणि ऐंशी टक्के असताना वेट बल्बच सत्तावीसला जातो आणि कूलर नुसता चिकचिकाट देतो. तुमच्या हॉलला तर मेमध्येही ही ओल परवडणार नाही. तिथे एसी किंवा डीह्युमिडिफायर (हवेतली ओल काढणारं यंत्र) लागणार, फक्त तो लहान कसा करता येईल ते बघायचं.

आणि तो लहान करायचा सगळ्यात स्वस्त उपाय मला सहारातल्या चंदेरी मुंगीकडे दिसतो. ही मुंगी भर दुपारी बाहेर पडते, जेव्हा तिला खाणाऱ्या पाली-सरड्यांनाही ऊन सोसत नाही. २०१५ मध्येच संशोधकांनी दाखवलं की तिच्या अंगावरचे त्रिकोणी छेदाचे केस ऊन परत फेकतात आणि अंगातली उष्णता इन्फ्रारेडच्या रूपात आभाळाकडे सोडून देतात. दोन कामं, ऊन घ्यायचं नाही आणि आतलं बाहेर टाकायचं. चांगला पांढरा छपराचा रंग किंवा आपल्याकडचं जुनं चायना मोझेक, फुटलेल्या पांढऱ्या टाइल्सचे तुकडे गच्चीवर बसवतात ते, बऱ्याच अंशी हेच करतं. मुंगीचे केस कुणी आणून देत नाही, पण ती जे दोन नियम पाळते ते पांढऱ्या गच्चीला पाळता येतात. पश्चिमेच्या भिंतीला खोल छज्जा किंवा जाळी द्या. माझं म्हणणं विचाराल तर चिमण्यांचे अर्धे पैसे गच्ची आणि पश्चिम भिंतीवर घाला.

आता कमळ. कोटिंगवाल्याची गोष्ट खोटी नाहीये. जर्मनीत बॉन इथे विल्हेल्म बार्थलॉट यांनी पानं सूक्ष्मदर्शकाखाली बघून दाखवलं की कमळाच्या पानावर बारीक उंचवटे असतात, त्यावर मेणाचे आणखी बारीक कण, म्हणून थेंब पानाला टेकतच नाही, गोळा होऊन घरंगळतो आणि जाताना धूळ उचलून नेतो. अळूच्या पानातही हेच. घरी अळूवड्या करताना पान नळाखाली धरून बघा, थेंब पाऱ्यासारखे पळतात, आणि बोटाने पान जोरात चोळलं की त्या जागी पाणी पसरायला लागतं, तिथलं मेण गेलेलं असतं. अळवावरचं पाणी आपण म्हणीत वापरतो, पण त्या म्हणीत हे सगळं विज्ञान बसलेलं आहे. अडचण दोन ठिकाणी आहे. धूळ नेतो तो थेंब, आणि आपल्याकडे नोव्हेंबर ते मे पाऊस जवळपास नसतोच, नेमकी धूळ जास्त असते तेव्हा थेंबच नाही. आणि जिवंत पान घासून गेलेलं मेण पुन्हा तयार करतं, कोटिंगला ते जमत नाही, ऊन आणि पुसणं यांनी ते झिजत जातं. म्हणून म्हणतो सध्या नको, पॅनलपर्यंत पाण्याचा नळ आणि चालायला वाट ठेवा, तेवढ्यात भागतं.

कन्सल्टंट बरोबर आहे की नाही हे ओळखायचं कसं, असंही तुम्ही विचारलंय. मला या बाबतीत जपानच्या रेल्वेचं उदाहरण फार आवडतं. बुलेट ट्रेन बोगद्यातून बाहेर पडताना हवा दाबली जाऊन मोठा स्फोटासारखा आवाज व्हायचा, लोकांच्या तक्रारी यायच्या. एईजी नाकात्सू हे इंजिनिअर पक्षी बघणारे. त्यांनी विचार केला की कमी अडथळ्याच्या जागेतून एकदम जास्त अडथळ्याच्या जागेत कोण शिरतं? खंड्या, हवेतून पाण्यात. त्याच्या चोचीच्या आकारावरून ५०० सीरिजचं नाक बनलं, मॉडेल करून तपासलं, १९९७ मध्ये ती गाडी सुरू झाली, आवाज कमी झाला आणि वीजही वाचली. सिरपूर तलावावर सकाळी गेलात तर खंड्या पाण्यात शिरतो तेव्हा पाणी किती कमी उडतं ते बघा. इथे पक्ष्याची अडचण आणि गाडीची अडचण एकच होती, म्हणून नक्कल चालली. तुमच्या कन्सल्टंटला हेच विचारा, वाळवीची अडचण आणि माझ्या हॉलची अडचण एकच आहे का. त्याने रात्रीच्या तापमानाचे आकडे, स्लॅबचं वजन, पंख्याचा सीएफएम आणि डॅम्परचं कंट्रोल काढून दाखवलं तर माणूस कामाचा आहे, त्याला धरून ठेवा. फक्त हरारेचा फोटोच पुन्हा दाखवला तर थोडं थांबा.

स्लॅबच्या आधी करायची कामं लिहून देतो. वरच्या मजल्यावर पंखा आणि चिमणीसाठी स्लॅबमध्ये जागा सोडायला सांगा, आणि खालच्या हॉलसाठी एसीच्या डक्टचे (हवा नेणाऱ्या पत्र्याच्या वाटांचे) स्लीव्ह, म्हणजे स्लॅबमध्ये आधीच सोडलेली भोकं, हेसुद्धा आत्ताच टाकून घ्या, वापरले नाहीत तर झाकण लावून ठेवता येतात, पण नंतर कोअर कटिंग, म्हणजे स्लॅबला मशीनने भोक पाडणं, करायचं म्हणजे खर्च तर होतोच, सळया कापल्या जातात आणि वॉटरप्रूफिंग जातं. आणि येत्या आठवड्यात साइटवरच्या कुणाला तरी एक साधा थर्मामीटर देऊन सलग सात रात्री दहाला, दोनला आणि पहाटे पाचला तापमान लिहून ठेवायला सांगा. तुमची जागा गावाबाहेर मोकळ्या शेतांमधे आहे, तिथली रात्र भर गावातल्या राजवाड्याच्या रात्रीपेक्षा नक्कीच गार असणार. ते आकडे, छप्पर स्लॅबचं की पत्र्याचं, आणि पश्चिमेला काय आहे, एवढं इथे टाका, मी पंख्याचा साइज आणि डॅम्परच्या जागा काढून देतो.